पहिला भाग धारला

आमच्या देवासच्या क्वार्टरमध्ये शोकेसच्या वर एक खोकं होतं आणि त्यात एकाच मालिकेची अकरा जाड पुस्तकं होती. पिवळे पुठ्ठे, पाठीवर काळ्या शाईत आकडे, दोनपासून बारापर्यंत. पहिला भाग नव्हता.

बाबा मूळचे सांगलीकडचे. नोकरीसाठी देवासला आले आणि इंडस्ट्रियल एरियातल्या एका कारखान्यात फिटर म्हणून लागले. लग्नाआधी त्यांच्याबरोबर खोलीत राहणारे एक गृहस्थ होते, तेही तिकडचेच. ते नोकरी सोडून कायमचे गावी निघाले तेव्हा सामान ट्रकमध्ये मावेना, म्हणून हे खोकं आमच्याकडे देऊन गेले. जाताना म्हणाले, "पहिला भाग कुणीतरी वाचायला नेला, परत आणला नाही. मिळवा कुठूनतरी. मग बघा, सुटणार नाही हातातून."

बाबांनी त्यांचं बोलणं फारच मनावर घेतलं. पहिला भाग मिळाल्याशिवाय दुसऱ्याला हात लावायचा नाही, असा घरात नियम झाला. आई म्हणायची, "अहो, दुसऱ्यापासून वाचा की. कळेल हळूहळू." बाबा म्हणायचे, "वॉशर न घालता नट आवळतात का?" पुढे तीन वर्षं इंदूरला काही काम निघालं की ते जुन्या पुस्तकांच्या दुकानांत डोकावून यायचे. गणपतीत मराठी मंडळी जमायची तेव्हा नव्या माणसालाही विचारायचे. पहिला भाग कुणाकडेच नव्हता.

मी तेव्हा नऊ-दहा वर्षांची. नव्वद साल नुकतंच उलटलं होतं. मला वाचायची परवानगी नव्हती, पण नकाशा बघायला कुणाची हरकत नव्हती. प्रत्येक भागाच्या सुरुवातीला तोच नकाशा होता. सात नद्या. सहा नद्यांच्या रेघा सलग आणि सातवी नुसत्या ठिपक्यांची. एका बाजूला 'मिठाचं रान', दुसरीकडे एक गड, त्याभोवती पक्षी काढलेले. दुपारी आई झोपली की मी सातवा भाग खाली काढायची, कारण त्याचं ते पान जरा सैल होतं आणि नीट उघडायचं. ठिपक्यांवरून बोट फिरवत बसायची. ती नदी ठिपक्यांची का, याची उत्तरं मी दर वेळी नवी काढायची. आमच्या कॉलनीत त्या दिवसांत पाण्याचा टँकर आठवड्यातून दोनदा यायचा, त्यामुळे नदी आटली असणार हे उत्तर मला सगळ्यांत आधी सुचलं होतं.

आणि खरं सांगायचं तर परवानगी असती तरी मला ते वाचता आलं नसतं. शाळा हिंदी. घरी बोलणं मराठी, पण वाचायला मराठी म्हणजे कॅलेंडर आणि लग्नपत्रिका. अक्षरं तीच, म्हणून वाटायचं की येतंय. तसं काही नव्हतं.

बारावं लागलं त्या उन्हाळ्यात आई मला घेऊन धारला तिच्या थोरल्या भावाकडे गेली. आईचं माहेर धारचं, संस्थानच्या काळापासूनचं. मामा शाळामास्तर, सगळी नोकरी दूर भिल्लांच्या मुलखात, गंधवानीकडे काढून नुकतेच निवृत्त झाले होते आणि तलावाकडे जाणाऱ्या रस्त्यावर दोन खोल्यांचं घर करून राहिले होते. देवासहून इंदूर, तिथून टेंपोने दुसरं बसस्टँड, मग धारची बस. कंडक्टर दारात लटकून "चलो भिया, धार, धार" ओरडत होता आणि मला उलटी होईल म्हणून आईने लिंबू हातात दिलं होतं.

तिसऱ्या दिवशी मामींनी मला ट्रंकेतून धुतलेली चादर काढायला सांगितली. चादरीखाली पिवळा पुठ्ठा दिसला. मी तो बाहेर काढला. पाठीवर एकचा आकडा होता.

मी चादर तिथेच टाकून स्वयंपाकघरात धावले. "मामी, हे तुमचं?"

"माझंच. इकडून आणलं होतं," मामी म्हणाल्या. मामा समोर बसून चहा पीत होते. नवऱ्याला त्या कधी नावाने सोडाच, 'हे' असंही म्हणायच्या नाहीत. 'इकडून'च. आईच्या माहेरच्या थोरल्या बायका सगळ्या तसंच बोलायच्या. मला ते आधी कळायचंच नाही, कुठून आणलं म्हणतात ते.

मामांनी मग सांगितलं. लग्न नवीन होतं, पोस्टिंग गंधवानीला. परीक्षेचे पेपर तपासायला ते इंदूरला गेले होते, तिथे हे पुस्तक दिसलं. बायकोला वाचनाची आवड. खिशात होतं तेवढ्यात एकच भाग बसला. "म्हटलं, बाकीचे पुढच्या खेपेला आणतो."

"मग?"

"मग काय. पुढच्या खेपेला संपले होते. त्याच्या पुढच्या खेपेला मुलगा झाला."

"तीस वर्षं झाली पुढच्या खेपेला," मामी म्हणाल्या. रागाने नाही, वार सांगावा तशा.

मी सांगितलं की बाकीचे अकरा भाग आमच्या शोकेसवर आहेत. मामींनी पोळी तव्यावर टाकली, उलटली, आणि मग माझ्याकडे बघितलं. "सगळे?" त्यांनी एवढंच पुसलं.

पुस्तक देवासला न्यायचं मी म्हणून पाहिलं. मामी नाही म्हणाल्या. आईनेही रदबदली केली. मामी तिला म्हणाल्या, "वन्सं, रागावू नका, पण ते घराबाहेर नाही द्यायची. तिला राहू द्या पंधरा दिवस. इथे बसून वाचेल." आई एकटी परत गेली आणि मी राहिले.

वर्षाचे गहू आले होते. सकाळी मामी ओसरीवर ताट घेऊन निवडायला बसायच्या आणि मी शेजारी बसून मोठ्याने वाचायची. पहिल्या दिवशी अर्धं पान झालं. मी 'ळ'चा 'ल' करत होते, 'च' आणि 'ज' सगळे हिंदीसारखे म्हणत होते. मामी मान वर न करता दुरुस्त करायच्या. पुस्तक त्यांना पाठ होतं. मी ओळ गाळली तर बोटं गव्हात थांबायची.

गोष्ट एका कुंभाराच्या लेकीची होती. गावाजवळची नदी एका रात्रीत नाहीशी झालेली. लोक म्हणतात आटली, हिला वाटतं कुणी नेली. पाचव्या पानावर लिहिलं होतं की राजवाड्याचं तळघर खाली होतं. मी वाचलं आणि पुढे गेले. पुढे सगळी माणसं एकामागून एक त्या तळघरात उतरत होती, तिथे लपत होती, तिथून काहीबाही आणत होती. शेवटी मी विचारलं, "मामी, तळघर खाली होतं ना? मग त्यात सामान कुठून आलं?"

मामींना क्षणभर समजलं नाही. मग त्या ताट बाजूला ठेवून हसायला लागल्या. "अगं, खाली म्हणजे तळाशी. रिकामं नव्हे."

दोन दिवसांनी राजाने कुंभाराला शिक्षा दिली. मला राजा फार बरा माणूस वाटला. एवढ्या म्हाताऱ्या कुंभाराला शिकवतोय. मी तसं बोलूनही दाखवलं. त्या दिवशी मामांनाही बाहेर यावं लागलं, इतक्या मामी हसल्या. मामा म्हणाले, "हिंदीतली शिक्षा मी चाळीस वर्षं दिली. पोरांना ती मराठीतलीच वाटायची."

आठवड्याभरात मला वेग आला. मामींना माहीत असलेली गोष्ट मला माहीत नव्हती, आणि त्यांना त्याचीच गंमत वाटत असावी. एखादं वळण जवळ आलं की त्या निवडणं थांबवून माझ्या तोंडाकडे बघत बसायच्या. आंधळा सारथी पहिल्यांदा येतो त्या पानावर त्या म्हणाल्या, "हळू वाच. हे पहिल्यांदा वाचायला आता मला नाही मिळायचं."

पंधराव्या दिवशी भाग संपला. मुलगी सारथ्याच्या गाडीत बसून मिठाच्या रानात शिरते, मागे वळून बघते तर गाव दिसत नाही. बस. पुढचं पान कोरं.

"पुढे काय होतं?" मी विचारलं, आणि लगेच लक्षात आलं की हे मामींना विचारण्यात अर्थ नाही.

पण मामी म्हणाल्या, "पुढे मला ठाऊक आहे." आणि त्यांनी सांगायला सुरुवात केली. गंधवानीच्या त्या पहिल्या चातुर्मासात रस्ते बंद, मामा शाळेत, घरात एकच पुस्तक. चार वेळा वाचून झाल्यावर त्यांनी पुढची गोष्ट स्वतःच रचली होती. त्यात मिठाच्या रानापलीकडे ताडाची झाडं होती, डोंगराच्या उतारावर दूरदूर झोपड्या होत्या, आणि एक म्हातारी भिल्लीण होती जिला नदीचा आवाज जमिनीला कान लावून ऐकू यायचा. मुलगी तिच्याकडे राहते आणि कान लावायला शिकते. मामींच्या गोष्टीत लढाई नव्हती. नदी सापडायची, पण ती परत यायला तयार नसायची. मग तिची समजूत काढत बसायचं, त्यातच दोन दिवस गेले आमचे.

देवासला परत आल्यावर बाबांनी दारातच विचारलं, "वाचून आलास?" ते मला लाडाने मुलासारखं बोलायचे. मग रोज पहिली पाळी संपवून आले, चहा झाला की मी त्यांना पहिला भाग सांगायची. त्यांना घाई नव्हती. "थांब, सारथी कुठल्या बाजूने आला?" म्हणत ते नकाशा उघडून बसायचे. बारा दिवस हे चाललं. तेराव्या दिवशी रविवार होता. बाबांनी आंघोळ केली, चष्मा पुसला आणि दुसरा भाग उघडला. अर्ध्या तासाने म्हणाले, "इथे तर कुणी राजपुत्र आहे. तुझी कुंभाराची पोर कुठे गेली?"

ती शंभराव्या पानापर्यंत आलीच नाही. मी फार हिरमुसले. आणि माझ्या सांगण्यात मामींचं काही मिसळलं होतं, ते बाबांना चौथ्या भागापर्यंत त्रास देत राहिलं. "ती भिल्लीण येणार होती ना?" असं ते मधूनच विचारायचे. शेवटी मला कबूल करावं लागलं की ती धारची आहे.

तरी त्या दिवसांत घरात एक वेगळंच सुख होतं. बाबा रात्री पुस्तक मिटताना म्हणायचे, "अजून नऊ आहेत." किंवा, "अजून आठ." कुणी घरात तुपाचे डबे भरलेले आहेत म्हणावं, तसं. आमच्या आयुष्यात पुढचं सगळं ठरलेलं असायचं. पाळी कुठली, टँकर कधी, दिवाळीत कोणाकडे. या खोक्यात मात्र पुढे काय आहे हे कुणालाच माहीत नव्हतं आणि ते भरपूर होतं. मी नंतर पुष्कळ वाचलं, पण मोठ्या गोष्टीच्या तोंडाशी उभं राहण्याची जी चैन असते, ती मला त्या वर्षी कळली.

दिवाळीत मी दुसरा भाग घेऊन धारला गेले. मामींच्या हातात ठेवला. मामा म्हणाले, "घ्या. मी म्हणालो होतो, पुढच्या खेपेला." मामींनी पुस्तक उलटंपालटं करून पाहिलं आणि ट्रंकेत ठेवून दिलं. चार दिवस त्याचं नाव काढलं नाही. पाचव्या दिवशी, मी निघायच्या आदल्या दुपारी, म्हणाल्या, "वाच बघू. पहिलंच पान."

मी वाचलं. राजपुत्र, त्याचा घोडा, त्याच्या वडिलांचं आजारपण.

"आपली मुलगी कुठं आहे?"

"शंभर पानांनंतर येते."

"मग तिथून वाच."

मी तिथून वाचलं. मुलगी मिठाच्या रानात वाट चुकून रडत बसलेली होती. मामींनी हात वर केला. "पुरे. ती रडायची नाही. सुरुवात लिहिणाऱ्याने छान केली होती, पुढे त्याला जमलं नाही." आणि त्या चकली तळायला उठून गेल्या. पुस्तक परत न्यायचं की ठेवायचं हे मला कळेना. मी ते तिथेच ठेवलं. मला वाईट वाटत होतं. वाटत होतं की आपण त्यांची तीस वर्षांची गोष्ट मोडली.

फेब्रुवारीत आईच्या नावाने पोस्टकार्ड आलं. तिरकं, जुन्या वळणाचं अक्षर. सगळ्यांची खुशाली, मामांचा गुडघा, लसणाचा भाव किती झाला. आणि अगदी खाली, कडेला उभ्या ओळीत: 'चि. मुलीस सांगणे, भाग तिसरा येणाऱ्याबरोबर पाठविणे.'

बाबांनी ते कार्ड दोनदा वाचलं आणि त्याच संध्याकाळी तिसरा भाग वर्तमानपत्रात गुंडाळला.

त्यानंतरची सहा-सात वर्षं ती पुस्तकं देवास ते धार अशी जात राहिली. कधी लग्नाला जाणाऱ्या शेजारणीबरोबर, कधी बसच्या ड्रायव्हरकडे. मामा स्टँडवर जाऊन उतरवून घ्यायचे. पोस्टकार्डावर खुशाली कमी कमी होत गेली. 'सारथ्याचे लक्षण ठीक दिसत नाही.' 'राजपुत्र आता बरा वाटतो, आधी उगाच राग केला.' मामांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं तेव्हा मामींनी त्यांना सहावा भाग वाचून दाखवला, आणि ज्यांनी आयुष्यात कादंबरी हातात घेतली नव्हती ते मामा पट्टी निघाल्यावर पहिला भाग स्वतः वाचायला बसले.

मी मात्र नवव्या भागात थांबले. कॉलेज होतं, मग बी.एड. होतं. राग नव्हता, कंटाळाही नव्हता. राहून गेलं.

दोन हजार सालानंतर बाबांचा कारखाना बंद पडला. एका सोमवारी गेटवर नोटीस लागली. त्या दिवसांत देवासमध्ये असं पुष्कळांचं झालं. बाबा रोज सकाळी सहाला उठायचे, डबा नसल्यामुळे काय करावं न सुचून अंगणात उभे राहायचे. मग त्यांनी दहावा भाग काढला. अकरावा. बारावा. दोन महिन्यांत तिन्ही वाचले. आई त्यांना बाजारात जा, अमक्याला भेटा, असं काही म्हणत नसे. मी एकदा विचारलं, "कसं आहे?" ते म्हणाले, "दिवस सरतो." शेवटचा भाग त्यांनी फार हळू वाचला. रोज वीस पानं, मोजून.

पावसाळ्यानंतर त्यांना पीथमपूरला काम मिळालं. आठवडाभर तिथेच राहायचं, सुट्टीला घरी यायचं. पीथमपूरहून धार जवळ. एका सुट्टीला ते घरी न येता शेवटचे तीन भाग घेऊन मामांकडे गेले. त्यांचं आणि मामींचं वीस वर्षांत 'कसं काय वहिनी' आणि 'बरं आहे' यापलीकडे बोलणं झालेलं नव्हतं. बाबा मुळात लाजरे. त्या दिवशी दोघं राणीने गड सोडावा की नाही यावर जेवण गार होईपर्यंत भांडले, असं मामांनी फोनवर सांगितलं. "मला मध्ये बोलू देईनात. मी चौथ्यातच आहे म्हणे." मग बाबा महिन्यातून एकदा तिकडे जायला लागले. आईला ते घरी यावेत असं वाटायचं, पण तिने कधी अडवलं नाही. तिकडून आले की त्यांचा चेहरा वेगळा असायचा.

मामींनी बारावा भाग पूर्ण केला तेव्हा मी देवासला शाळेत शिकवायला लागले होते. हिवाळ्याची सुट्टी होती. मी धारला गेले. मामींची सत्तरी जवळ आली होती, चष्म्याची काच जाड झाली होती. आम्ही गच्चीवर उन्हात बसलो.

"शेवट कसा आहे?" मी विचारलं.

"तू वाच."

"सांगा ना. नदी येते का परत?"

"येते. सगळ्यांचं नीट होतं. जो तो आपापल्या जागी." त्या उन्हाकडे पाठ करून बसल्या. "चांगला आहे शेवट. त्याने लबाडी केली नाही कुठे. पण दार लावून घेतल्यासारखं वाटलं मला. दोन दिवस करमेना."

मामा खालून शेंगा घेऊन आले. मी पिशवीतून एक पुस्तक काढलं. इंदूरला घेतलं होतं, कुठल्याशा परदेशी मालिकेचं मराठी भाषांतर, पहिला भाग, विटेएवढा जाड. सुरुवातीला दोन पानांवर पसरलेला नकाशा, नकाशात बेटं.

"किती भाग?" मामांनी विचारलं.

"दहा आलेत म्हणे. त्याचं लिहिणं अजून चालू आहे."

मामा मामींकडे बघत म्हणाले, "दहा. आणि आपलं वय?"

मामींचं तिकडे लक्ष नव्हतं. त्यांनी पुस्तक मांडीवर घेतलं होतं. "अजून लिहितोय म्हणजे, त्यालाही पुढचं ठाऊक नाही?"

"थोडंफार असेल."

"बरंय मग," मामी म्हणाल्या. त्यांनी पदराने काच पुसली, नकाशा डोळ्यांजवळ धरला आणि एकेका बेटाचं नाव मोठ्याने वाचायला लागल्या. नावं अवघड होती. दोन-तीन चुकली, ती त्यांनी पुन्हा वाचली. मामा त्यांच्या शेजारी बसून शेंगा सोलून वाटीत टाकत होते. मी पाय लांब केले आणि ऐकत राहिले.